निरर्थक अक्षरांची मोहिनी

गाण्याची मोहिनी शब्दांच्या अर्थात असते, असा पुष्कळांचा समज आहे. परंतु अर्थ सर्वस्वी काढून घेतला तरीही गाणे श्रोत्यास खिळवून ठेवू शकते, याची साक्ष दोन अगदी भिन्न परंपरा देतात. एक आपला तराणा. दुसरा अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायकांनी वाढविलेला जॅझमधील ‘स्कॅट’ हा प्रकार.

स्कॅट गाणारा शब्द बाजूस सारतो आणि तोंडास येतील ती अक्षरे घेऊन आयत्या वेळी स्वररचना करीत जातो. लुई आर्मस्ट्राँग याच्या १९२६ मधील ‘हीबी जीबीज’ या ध्वनिमुद्रिकेने हा प्रकार लोकप्रिय केला. शब्दांचा कागद हातून गळून पडला म्हणून तसे गावे लागले, अशी हकीकत तो सांगत असे. मात्र तत्पूर्वीही काही गायक तसे गात असत. पुढे एला फिट्झजेराल्ड हिने ही कला कळसास नेली.

ही भूल पडते तरी कशी? अर्थाचे ओझे उतरले की कंठ हेच वाद्य होते. व्यंजनांनी आघात साधतो, स्वरांनी नाद लांबतो. श्रोत्याचे मन पुढील जागा आधीच हेरू लागते. गायक ती कधी साधतो, कधी हेतुपुरस्सर हुलकावणी देतो. तराण्यातील ‘तोम्’, ‘तनन’, ‘दिर दिर’ ही अक्षरे हेच कार्य करतात, आणि सम येताच मान आपोआप डोलते.

मुंबईत लिऑन अ‍ॅबी याचा कृष्णवर्णीय वाद्यवृंद १९३५ मध्ये ताजमहाल हॉटेलात वाजला. गोमंतकीय वादकांनी ही विद्या आत्मसात करून चित्रपटसृष्टीत आणली. पुणतांब्यास जन्मलेले सी. रामचंद्र यांनी गोरेगावच्या फिल्मिस्तानच्या ‘शहनाई’त (१९४७) पाश्चात्य ढंग लोकप्रिय केला. ‘आशा’ (१९५७) या चित्रपटातील त्यांचे ‘ईना मीना डीका’ किशोरकुमार व आशा भोसले यांनी निरनिराळे गायिले. त्यातील अक्षरे आधीच बांधलेली असल्याने तो शुद्ध स्कॅट नव्हे. मोहिनी मात्र त्याच जातीची.

अशा गीतांस उथळ ठरविणारेही होते. १९५२ पासून बाळकृष्ण केसकर यांच्या मंत्रिपदाच्या काळात आकाशवाणीने चित्रपटगीतांवर कडक निर्बंध घातले, आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. अखेर ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू झाली. शास्त्रीय संगीतास मानाचे स्थान देण्याचा हेतू स्तुत्यच होता. परंतु ज्या शास्त्रीय संगीताचा हा गौरव, त्यातील तराणाही अर्थहीन अक्षरांचाच असतो, हे विसरून कसे चालेल? तेव्हा, श्रोतेहो, अर्थ नाही एवढ्यावरून गाणे हीन ठरत नाही. गायकाची लयीवर हुकमत आहे काय आणि प्रत्येक अक्षर आपल्या जागी पडते काय, हीच त्याची खरी कसोटी होय.