नावात काय खोट?

नागपूर-हैदराबाद महामार्गावरून चंद्रपूरचा रस्ता जिथे फुटतो, ते आमचे जाम. तिथल्या एका ऑनलाइन अर्ज केंद्रात दोघी जावा आल्या होत्या. पहिल्या नावाच्या रकान्यात 'कमल' लगेच चालले. 'शांता' मात्र अडले. केंद्रचालकाने काना-अनुस्वार काढून 'शत' लिहिले, तर तेही चालले! शांताबाई मला म्हणाल्या, ''माह्या नावात काय खोट हाये जी?''

खोट नियमात होती. रकान्यात काय चालेल हे ठरवायला आम्ही प्रोग्रामर एक साचा लिहितो. त्याला रेग्युलर एक्स्प्रेशन म्हणतात. 'कोणत्याही लिपीतील अक्षरे' एवढेच त्यात लिहिले, की घोटाळा होतो. कारण युनिकोडमध्ये क, म, ल ही अक्षरे आहेत. काना, मात्रा, अनुस्वार मात्र 'चिन्हे' या वेगळ्या वर्गात मोडतात. असे साचे मीही लिहिले आहेत. रोमन लिपीतले डि'सोझा हे आडनाव अशाच साच्यात मधल्या चिन्हापायी अडते. आणि तीनच शब्द मागणारा साचा? महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात वडिलांच्या आधी आईचेही नाव येते.

साच्यात चिन्हांना जागा द्यावी. खरे तर रकाना रिकामा नाही ना, एवढेच पाहिले तरी पुष्कळ. 'शत' नावाने अर्ज गेला असता, तर रेशनकार्डाशी नाव जुळले नसते आणि खेटे शांताबाईंनाच पडले असते. त्या अर्ज न भरताच परतल्या. नाव माणसाचे, ते बरोबर की चूक हे त्यानेच सांगावे.