धुरावरची मासळी आणि भरलें आम्लेट

जुन्नर व आंबेगांव हे पुणें जिल्ह्याच्या उत्तरेकडील दोन तालुके. त्यांच्या पश्चिमेस सह्याद्रीची उभी भिंत आणि पूर्वेस सपाट, बागाइती मुलूख. पश्चिमेकडे भीमाशंकर, आहुपें, नाणेघाट या बाजूस पावसाळ्यांत कित्येक दिवस सूर्यदर्शन घडत नाहीं. पूर्वेकडे नारायणगांवचा टोमॅटो, ओतूरचा कांदा आणि मंचरचा भाजीपाला दूरदूरच्या शहरांत जातो. घोड, मीना, कुकडी या नद्या पहिल्या भागांत उगम पावतात आणि दुसऱ्या भागास पाणी पुरवितात. आम्लेटाच्या भाषणांत हा भूगोल कशासाठीं, असें श्रोत्यांस वाटणें साहजिक आहे. परंतु ज्या आम्लेटाची कृति येथें सांगावयाची आहे, त्याच्या आंतील मासा याच पाण्यांतला, त्याला लागलेला धूर याच डोंगरांतला, आणि त्याच्यासोबतचा कांदा-टोमॅटो याच सपाटीवरचा आहे.

कुकडी प्रकल्पाचीं येडगांव, माणिकडोह, वडज, पिंपळगांव जोगें व डिंभें अशीं पांच धरणें या दोन तालुक्यांत आहेत. त्यांपैकीं डिंभें येथील धरण घोड नदीवर आहे. त्याच्या जलाशयास हुतात्मा बाबू गेनू यांचें नांव देण्यांत आलें आहे. बाबू गेनू हे याच आंबेगांव तालुक्यांतील महाळुंगे पडवळ गांवचे. १२ डिसेंबर १९३० रोजीं मुंबईंत परदेशी कापडाची मोटार अडवितांना त्यांना मरण आलें. ज्या गांवावरून तालुक्यास नांव पडलें, तें जुनें आंबेगांव आज या जलाशयाच्या तळाशीं आहे. तालुक्याची कचेरी घोडेगांवास आहे. नांव मात्र बुडालेल्या गांवाचेंच चालत आलें आहे.

भातखाचरें पाण्याखालीं गेलीं तीं मुख्यतः महादेव कोळ्यांचीं. कोळी म्हटलें कीं समुद्र, होडी व जाळें डोळ्यांपुढें येतें. परंतु महादेव कोळी हे डोंगरांतले शेतकरी. भात, नाचणी व वरई हीं त्यांचीं पिकें, आणि रानांतला हिरडा हें त्यांच्या रोख उत्पन्नाचें साधन. ओढ्यांत मिळेल तो मासा धरावा व घरीं खावा, एवढाच त्यांचा मासेमारीशीं संबंध होता. शेत गेलें आणि दारापुढें अथांग पाणी आलें, तेव्हां यांतल्या कित्येकांस होडी व मोठें जाळें हीं नव्यानें शिकावीं लागलीं. विस्थापितांनीं सहकारी संस्था काढून मासेमारी आपल्या हातीं घेतली. या कामीं त्यांना साहाय्य करणाऱ्या ‘शाश्वत’ या संस्थेस २०१२ सालीं संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाचें ‘इक्वेटर’ पारितोषिक मिळालें.

जलाशयांत मासा मिळूं लागला, तरी एक अडचण राहतेच. धान्य कणगींत थांबतें, हिरडा पोत्यांत थांबतो. मासा मात्र थांबत नाहीं. सकाळीं जाळ्यांतून निघालेली मासळी उन्हाळ्याच्या दिवसांत दुपारपर्यंत नरम पडूं लागते. बर्फ लांब, बाजार लांब. मग दारांत आलेला व्यापारी सांगेल तो भाव घ्यावा लागतो. जो माल थांबूं शकत नाहीं, त्याच्या धन्यालाही थांबतां येत नाहीं. माशाला थांबावयास लावण्याच्या युक्त्या जगांत पुष्कळ आहेत. त्यांपैकीं गरिबाच्या घरीं हमखास असणाऱ्या दोनच: मीठ आणि धूर.

समुद्रकांठीं बोंबील व जवळा उन्हांत वाळवितात. तीच सुकी मासळी देशावरच्या आठवड्याच्या बाजारांत विकावयास येते. परंतु डोंगरांत, ऐन पावसाळ्यांत, ऊन आणावें कोठून? अशा वेळीं चुलीवरचा धूर हाच सूर्याचें काम करतो. ताज्या माशाच्या वजनांत सुमारें तीन चतुर्थांश पाणी असतें, आणि हेंच पाणी नासविणाऱ्या जंतूंचें जीवन होय. मीठ कांहीं पाणी ओढून काढतें, ऊब कांहीं पाणी उडवून लावते, आणि धुरांतील आम्लें व फिनॉल जातीचीं द्रव्यें वरच्या थरांत मुरून जंतूंची वाढ रोखतात व माशाच्या तेलास खवट होऊं देत नाहींत. माशाचा सोनेरी रंग व खमंग वास ही या कामाची वरकमाई आहे.

आतां प्रत्यक्ष कृति. रोहू, कटला, मृगळ, मरळ किंवा चिलापी यांपैकीं ताजा मासा घ्यावा. खवलें काढून, पोट साफ करून, तो पाठीच्या बाजूनें चिरून पुस्तकासारखा उघडावा. मासा मोठा असल्यास बोटभर जाडीचे तुकडे करावे. एक लिटर पाण्यांत ८० ग्रॅम मीठ विरघळवून त्यांत मासा तासभर बुडवून ठेवावा. नंतर साध्या पाण्यांतून एकदां काढून वाऱ्यावर, माशा बसणार नाहींत अशा जागीं, टांगावा. सुमारें तासाभरानें अंगावरचें पाणी जाऊन हाताला किंचित् चिकट लागणारी चमकदार साय धरते. ही साय धरल्यावांचून मासा धुरावर ठेवूं नये. ओल्या अंगाला धूर नीट लागत नाहीं, आणि लागला तर काजळीसारखा कडू लागतो.

जळण बाभूळ, आंबा, जांभूळ अशा कठीण लांकडाचें असावें. चीक वा राळ असलेलें लांकूड, रंग दिलेल्या फळ्या व प्लॅस्टिक यांचा धूर विषारी. तो अन्नाजवळ येऊं देऊं नये. यासाठीं झाड तोडण्याची गरज नाहीं. बांधावरच्या छाटलेल्या फांद्या पुरेशा होतात. दोन्ही तोंडें उघडीं असलेलें एक पत्र्याचें पिंप चुलीवर उभें करावें, वरच्या तोंडावर तारेची जाळी ठेवून तिजवर मासे मांडावे, आणि ओलें गोणपाट झांकावें. पहिला अर्धा-पाऊण तास आंच मंद व धूर दाट ठेवावा. मग आंच वाढवून मासा आंतपर्यंत शिजवावा. आंतील उष्णता सेल्सिअस ७० अंशांपर्यंत जावी असा नियम आहे. उष्णतामापक नसेल तेथें कण्याजवळचें मांस पांढरें होऊन पापुद्र्यांनीं सुटूं लागलें, म्हणजे काम झालें असें समजावें. एकंदर दोन-तीन तास लागतात.

येथें एक सावधगिरीची सूचना अवश्य दिली पाहिजे. असा शिजलेला, पण अद्याप ओलसर मासा बर्फावांचून एक दिवसाहून अधिक ठेवूं नये. महिनाभर टिकवावयाचा असेल तर मंद धुरावर आणखी कांहीं दिवस ठेवून तो काष्ठासारखा कडक केला पाहिजे आणि मगच कोरड्या डब्यांत भरला पाहिजे. त्यावर बुरशी दिसली, तर धुवून वापरण्याचा मोह टाळावा. तसेंच गोड्या पाण्यांतला मासा केवळ थंड धूर देऊन, न शिजवितां, कधींही खाऊं नये. त्यांत कृमि असूं शकतात आणि थंड धुरानें ते मरत नाहींत.

आतां आम्लेट. चार माणसांच्या न्याहरीस चार अंडीं, शंभर ग्रॅम धुरावरची मासळी, एक मोठा कांदा, एक टोमॅटो, दोन हिरव्या मिरच्या, मूठभर कोथिंबीर, चिमूटभर हळद आणि अर्धें लिंबू पुरतें. मासळी कडक असल्यास कोमट पाण्यांत वीस मिनिटें भिजवून पिळून घ्यावी. मग ती बोटांनीं मोकळी करून एकूणएक कांटा काढावा. रोहू-कटल्याचे कांटे बारीक व दुभागलेले असतात आणि अंड्यांत लपलेला कांटा दिसत नाहीं. म्हणून मुलांच्या पानांत जाणारा घांस दोनदां तपासावा.

चमचाभर तेलांत कांदा मऊ करावा, मिरची व हळद टाकावी, मग टोमॅटो घालून त्याचें पाणी पूर्ण आटेपर्यंत परतावें. सारण ओलें राहिलें कीं आम्लेट फाटतें. बहुतेक फसलेल्या आम्लेटांचें कारण हेंच. शेवटीं मासळी घालून ती केवळ गरम करावी, लिंबू पिळावें व कोथिंबीर मिसळावी. अंडीं एक चमचा पाणी घालून फेंटावीं. त्यांत मीठ घालूं नये. मासळींतलें मीठ सबंध पदार्थास पुरतें. लोखंडी तवा मध्यम तापला म्हणजे तेल फिरवून अंडीं ओतावीं. खालची बाजू धरली आणि वरची अद्याप ओली आहे, अशा वेळीं अर्ध्या भागावर सारण पसरावें, दुसरा अर्धा त्यावर दुमडावा आणि झांकण ठेवून मिनिटभर वाफ द्यावी. डोंगराकडच्या घरीं तांदळाची वा नाचणीची भाकरी आणि पूर्वेकडे बाजरीची भाकरी याच्याबरोबर उत्तम लागते. धुरावरची मासळी न मिळाल्यास सुके बोंबील निखाऱ्यावर भाजून, कुटून, त्याच रीतीनें वापरावे.

आम्लेटांत धुराचा मासा घालणें ही कल्पना जगास नवी नाहीं. लंडनच्या सॅव्हॉय हॉटेलांत धुरावलेल्या हॅडॉक माशाचें आम्लेट आर्नल्ड बेनेट या इंग्रज कादंबरीकाराच्या नांवानें प्रसिद्ध आहे. त्यांत साय व चीज असतें, आणि तें श्रीमंतांच्या टेबलावर वाढलें जातें. परंतु तत्त्व एकच: मासा खारट व उग्र, अंडें सौम्य, दोहोंचा मेळ घातला कीं थोडक्या मासळींत पुष्कळ माणसें तृप्त होतात. चार अंड्यांतून सुमारें २५ ग्रॅम प्रथिनें मिळतात आणि शंभर ग्रॅम धुरावलेल्या माशांतून जवळ जवळ तितकींच. वाढत्या मुलांच्या घरीं ही भर लहानसहान नव्हे.

यांतला मुख्य लाभ मात्र पानापलीकडचा आहे. ज्या घरीं मासा धुरावर ठेवण्याची विद्या आहे, तें घर भाव पडलेल्या दिवशीं माल विकावयास बांधलेलें राहत नाहीं. जाळें भरलें त्या दिवशीं कांहीं विकावा, कांहीं चुलीवर टांगावा. बाजार सुधारला तर विकावा, न सुधारला तर मुलांच्या ताटांत वाढावा. पाण्यानें ज्यांचें शेत घेतलें, त्यांना त्याच पाण्यांतून मिळणारें अन्न पडेल त्या भावानें देऊन टाकण्याची वेळ येऊं नये, यासाठीं एक पत्र्याचें पिंप, मूठभर मीठ आणि छाटलेल्या फांद्यांची मोळी एवढी सामग्री पुरेशी आहे.