माशी दिसली की औषध!

(जिल्हा मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



कापसाच्या भावाच्या सभेत हे माश्यांचे काय काढले, असे तुम्हाला वाटत असेल. पत्रक वाचून एका गड्याने आम्हाला विचारलेही, मधमाश्या पाळायची नवी योजना आली काय? योजना नाही आणि अनुदानही नाही. आपल्या खिशातून औषधाला जाणारा पैसा आणि आमच्या हातून झालेली एक चूक, एवढाच विषय आहे. चूक आमचीच, म्हणून आधी ती सांगतो.

आमच्यातल्या एका सोबत्याच्या शेतात, विहिरीजवळच्या धुऱ्यावर, गवत नसलेल्या कडक जागेत मातीच्या बारीक ढिगुल्या दिसू लागल्या. ढिगुलीच्या मधोमध ज्वारीचा दाणा कसाबसा आत जाईल एवढे भोक. धुऱ्याच्या एका अंगाला रब्बी ज्वारी, दुसऱ्या अंगाला चार गुंठे कांद्याचे बियाणे. कोणी म्हणाले वाळवी, कोणी म्हणाले मुंग्या. दुकानात विचारले, तर दुकानदाराने जागा न पाहताच वाळवीचे औषध काढून दिले. आम्हीही शहाणे, ते पाण्यात कालवून भोकाभोकात ओतले.

दुसऱ्या दिवशी सकाळी धुऱ्यावर मूठभर काळ्या माश्या मरून पडल्या होत्या. सोबत्याच्या आईने एक उचलून तळहातावर घेतली आणि म्हणाली, "अरे बाबू, इच्या पायाले तं पीठ लागलं हाय. लेकराईसाठी नेत होती थे."

म्हातारीला शास्त्र ठाऊक नव्हते, पण बोलली ते शब्दाशब्दाला खरे होते. ते पीठ म्हणजे ज्वारीचा आणि कांद्याचा पराग. माशी तो बिळात, आपल्या पिलांसाठीच नेत होती. त्या साली कांद्याचे बी कमी उतरले. ते माश्या मेल्या म्हणूनच, असे आम्ही छातीठोकपणे म्हणणार नाही, कारण पाण्याची एक पाळीही चुकली होती. पण कांद्याच्या फुलात पराग आधी पिकतो आणि बी धरणारे टोक मागाहून तयार होते. एका फुलाचा पराग दुसऱ्या फुलावर कोणीतरी नेऊन पोचवावा लागतो. ते काम फुकटात करणाऱ्यांना आम्ही पैसे मोजून मारले, एवढे मात्र खरे.

आता घोटाळा कुठे होतो ते पाहा. आपल्या भाषेत ज्वारीचा पोंगा मारणारी ती खोडमाशी, दाणा पोचट करणारी ती मिजमाशी, आंबे नासवणारी ती फळमाशी आणि मध देणारी तीही माशीच. एकच शब्द. त्यामुळे माशी दिसली की हात पंपाकडे जातो. आमचे म्हणणे असे, की पंप उचलण्याआधी माशी हातात घ्या.

खोडमाशी करड्या रंगाची. ती अंडी घालते कोवळ्या रोपाच्या पानाखाली आणि तिची पोंगेमर दिसते ती उगवणीनंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत. कणीस फुलोऱ्यात आल्यावर त्याच्यावर काळे काही फिरताना दिसले तर ती खोडमाशी समजून फवारायचे कारण नाही. मिजमाशी फुलोऱ्यावर येते हे खरे. पण ती चिलटासारखी, नारिंगी-तांबूस, आणि तिच्या पायांवर कधी पराग दिसणार नाही. या दोघींना पंख दोनच. आपल्या काळ्या माशीला चार. पुढचा आणि मागचा पंख बारीक आकड्यांनी एकमेकांत अडकलेले असतात, म्हणून उडताना दोनच वाटतात. मेलेल्या माशीचे पंख टाचणीने अलग करून पाहा, शंका फिटेल. शिवाय तिच्या मिशा कोपरात वाकवल्यासारख्या आणि मादीच्या मागच्या पायांवर केसांची दाट झालर. त्या झालरीत पराग कोरड्या धुळीसारखा माखलेला असतो. सातेरी माशी मात्र तो ओला करून त्याची गोळी पायाच्या टोपलीत बसवते. हा फरक उभ्या पिकात, नुसत्या डोळ्यांनीही दिसतो.

मग ही मधमाशीच काय? कुळाने जवळची, पण संसार निराळा. राणी नाही, कामकरी नाही, पोळे नाही, तुम्हाला मध नाही. प्रत्येक मादी आपले बीळ आपणच खोदते. आत बाजूला लहान लहान खोल्या करते आणि अंगातून निघणाऱ्या रसाने त्यांच्या भिंती अशा सारवते की ओल आत शिरत नाही. खोलीत पराग आणि फुलांच्या रसाची गोळी, गोळीवर एक अंडे, आणि दार बंद. पोराच्या जन्मभराची शिदोरी एकदाच बांधून दिली की आईचे काम संपले. (काही जातींत मायलेकी एकाच बिळात नांदतात, पण तो तपशील राहू द्या.) ही माशी झुंडीने अंगावर येत नाही. आग्यामोहोळाची धास्ती हिला लावू नका. आणि बिळात औषध ओतता तेव्हा आजची माशीच मरते असे नाही, पुढची पिढीही खाली कोंडलेली असते.

जगात मधमाश्यांच्या वीस हजारांवर जाती शास्त्रज्ञांनी नोंदवल्या आहेत. त्यांतल्या बहुतेक अशाच, पोळे न बांधणाऱ्या. लहान काळ्या माश्यांची ओळख पटवणे हे तर त्या लोकांनाही डोकेदुखीचे काम. विल्यम कर्बी नावाचा इंग्लंडातला एक खेड्यातला पाद्री माश्या धरून, भिंगाखाली त्यांच्या जिभा मोजत बसे. १८०२ साली त्याने इंग्लंडच्या माश्यांवर मोठा ग्रंथ काढला. आपल्याकडच्या माश्यांचा असा पहिला मोठा ग्रंथ बिंगहॅम या लष्करी अधिकाऱ्याने १८९७ साली लिहिला. त्यात ज्या बारक्या माश्या 'हॅलिक्टस' या एका नावाखाली आहेत, त्यांतल्या पुष्कळ आता 'लासिओग्लॉसम' या दुसऱ्या नावाखाली गेल्या. सात-बाऱ्यावरची नावे बदलावी तसाच प्रकार, जमीन तीच.

भिंग असेल तर तुम्हीही थोडे पुढे जाऊ शकता. मादीच्या शेपटाच्या टोकावर, मधोमध, भांग पाडल्यासारखी उभी रेघ दिसली तर ती या दोन गटांतली धरा. मग पोटावरचे पांढऱ्या केसांचे पट्टे पाहा. पट्टा प्रत्येक कड्याच्या मागच्या कडेला असेल तर हॅलिक्टस, कड्याच्या मुळाशी असेल तर लासिओग्लॉसम. शेपटावर भांग नाही, पण तोंडावर डोळ्यांच्या आतल्या कडेने मखमलीसारखे दोन खोलगट पट्टे आहेत, तर ती 'अँड्रेना'. ही उत्तरेकडे मोहरीच्या फुलांवर भरपूर. चकचकीत, जवळजवळ बिनकेसांची, मोडलेल्या काडीच्या भेंडात राहणारी ती 'सेराटिना', ती माती खोदत नाही. आणि भिंतीच्या भोकातून मेणाची नळी काढून घोळक्याने ये-जा करणारी काळी माशी दिसली तर ती पोयाची, तिचे कुटुंब मोठे. काळ्या माशीचे पोट लाल दिसले आणि पायांवर पराग मुळीच नाही, तर ती बहुधा पेंढारीण समजा. ती दुसरीच्या बिळात शिरून तिच्या शिदोरीवर आपले अंडे घालते. असले लोक माणसांतच असतात असे आम्हाला वाटत होते.

याच्या पुढे नेमकी जात कोणती, ते आपल्याला सांगता येणार नाही आणि त्याची लाजही नको. लासिओग्लॉसमच्या एकट्याच्या दीड हजारांवर जाती आहेत, अँड्रेनाच्याही तितक्याच. पुष्कळदा सूक्ष्मदर्शकाखाली नराचे अवयव तपासल्याशिवाय निकाल लागत नाही. आपल्याला पिकापुरते कळले म्हणजे झाले. पण माशी कोणाला तपासायला द्यायची असेल तर सोबत चिठ्ठी हवी: गाव, तारीख, कोणत्या फुलावर धरली. चिठ्ठी नसलेली माशी तपासणाऱ्याच्या काही कामाची नाही.

हे सगळे पुस्तकी वाटेल, म्हणून एक उदाहरण देतो. अमेरिकेत वॉशिंग्टन राज्यातल्या टूशी नदीच्या खोऱ्यात लसूणघासाचे बियाणे पिकवणारे शेतकरी आहेत. लसूणघासाचे फूल उघडताना माशीला फटका मारते, म्हणून पोळ्यातली मधमाशी ते टाळते. तिथली जमिनीत राहणारी काळी, पोटावर मोतिया पट्टे असलेली 'नोमिया' माशी मात्र ते नेटाने उघडते. म्हणून ते शेतकरी खाऱ्या, उघड्या जमिनीचे तुकडे तिच्यासाठी राखून ठेवतात आणि ओल टिकावी म्हणून खालून पाणी देतात. माश्यांच्या हंगामात तिथल्या रस्त्यांवर गाडी हळू हाका अशा पाट्या असतात. नोमिया कुळीच्या माश्या आपल्या देशातही आहेत. आपण त्यांच्या धुऱ्यावर औषध ओततो.

खोटे काही सांगायचे नाही. ज्वारीला या माशीची गरज नाही, तिचे वाऱ्यावर भागते. कपाशीचे फूलही आपले आपण फळते. तेव्हा ही माशी राखली की कापूस दुप्पट होईल असे कोणी सांगितले तर त्याला सभेतून उठवा. फायदा आहे तो कांद्याच्या बियाण्याला, सूर्यफुलाला, धन्याला. आणि त्यांचा फुलोरा येईपर्यंत ही माशी ज्वारीच्या परागावर तगते. एका पिकाने पोसावी आणि दुसऱ्याने कामाला लावावी, असा हा हिशेब आहे.

म्हणून आम्ही आपसात एवढे ठरवले आहे. धुऱ्याचा एक उघडा, कडक तुकडा नांगरायचा नाही आणि त्यावर पेटवायचे नाही. भोक दिसले की आधी सकाळी ऊन तापल्यावर घटकाभर बसून कोण आत जाते ते पाहायचे. वाळवी असेल तर मातीचे लिंपण आणि खाल्लेले लाकूड दिसेल, पाय पिवळे झालेली माशी दिसणार नाही. फुलोऱ्यात फवारणे अगदी भागच पडले तर दिवस मावळताना, माश्या घरी गेल्यावर. आणि तोंडाला फडके, हातांत मोजे. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन आपली माणसे गेली, हे या मांडवात कोणाला नव्याने सांगायला नको.

मंचाच्या डाव्या हाताला टेबलावर दोन भिंगे आणि पांढरा कागद ठेवला आहे. ज्यांनी काडेपेटीत माश्या आणल्या असतील त्यांनी जेवणाआधी तिकडे यावे. आणि काडेपेटीवर गावाचे नाव लिहिले आहे ना, तेवढे पाहून घ्यावे.