गाडी उचलण्याआधी ती मोजा



डोळखांबच्या बाजूला आपण गेलात, तर आता जवळपास प्रत्येक गावात एकतरी जुनी मोटार उभी दिसते. लांबट, मागे डिकी असलेली; जिला शहरातली मंडळी सेडान म्हणतात ती. मुंबई-ठाण्याकडे चार-आठ वर्षे डांबरी सडकेवर फिरलेली ही गाडी आपल्याकडे स्वस्तात येते. इथे आली की तिची खरी परीक्षा सुरू होते. पाड्यावरची चाकोरी, मोरीजवळचा खड्डा, पावसाने खचलेली साइडपट्टी आणि वस्तीसमोर कोणी रातोरात बांधलेला गतिरोधक! मग पोटाखाली 'खर्रर्र' असा आवाज होतो आणि मालक म्हणतो, "गाडी खालून लागते हो, जरा उचलून घ्यावी म्हणतो."

आजचे माझे बोलणे या एका वाक्यावर आहे. मोटारदुरुस्तीचे काम मी बरीच वर्षे मुलांना शिकवले. त्या अनुभवावरून सांगतो, की खालून लागणारी जुनी गाडी बहुधा जन्मतः ठेंगणी नसते. ती बसलेली असते. म्हणून आधी मोजावे, मग गेलेली उंची परत मिळवावी, आणि तेवढ्यानेही भागले नाही तरच नवी उंची मागावी.

गेल्या आषाढातली गोष्ट. आमच्या ओळखीच्या एका गुरुजींनी अशीच एक गाडी घेतली होती. डिकीत गॅसची टाकी बसवलेली. एका रात्री शेजारची सूनबाई अडली. गुरुजींनी तिला, तिच्या सासूला आणि आणखी दोघांना गाडीत घेतले आणि शहापूरच्या रस्त्याला लागायला निघाले. पाड्यावरून डांबरी रस्त्याला येईपर्यंत चाकोरीच आहे. तिच्या मधल्या उंचवट्यात एक दगड वर आला होता. खाड्‌कन आवाज झाला. थोडे पुढे गेल्यावर समोर तेलाचा लाल दिवा लागला. गुरुजी शहाणे, त्यांनी तिथल्या तिथे इंजिन बंद केले. खाली पाहतात तो चेंबर फुटलेला आणि तेलाची धार लागलेली. दुसऱ्या एका जीपगाडीतून बाईला शहापूरला नेले. बाळ-बाळंतीण सुखरूप आहेत. पण पावसात, अंधारात, रस्त्याच्या कडेला काढलेला तो अर्धा तास त्या घरातले कोणी विसरणार नाही.

दुसऱ्या दिवशी गुरुजी मला म्हणाले, "चार बोटे उचलूनच टाकतो." मी म्हटले, "गुरुजी, तुम्ही मुलांना आधी मोजायला शिकवता ना? मग आपणही आधी मोजू."

आता हे मोजायचे कसे ते ऐका. गाडी सपाट फरशीवर उभी करा. शाळेचा व्हरांडा नाही, तर एखाद्या गिरणीपुढचा कोबा चालेल. इंजिन थंड असू द्या. चारही चाकांत कंपनीने सांगितली तेवढी हवा भरा. तो आकडा बहुतेक गाड्यांत चालकाच्या दाराच्या चौकटीवर चिकटवलेला असतो. मग एक जाड पुठ्ठा घ्या आणि त्याची जिन्यासारखी पायऱ्यांची पट्टी कापा. पहिली पायरी १०० मिलिमीटर उंच, पुढची ११०, असे करत १८० पर्यंत. ही पट्टी बांबूच्या काठीला बांधून बाजूने गाडीखाली सरकवा. जी पायरी अडेल, तिच्या अलीकडचा आकडा लिहून ठेवा. नेमका आकडा हवा असेल, तर अडलेल्या जागी साधी फूटपट्टी उभी धरा. मात्र एक गोष्ट लक्षात ठेवा. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कधीही शिरू नका. जॅक सटकला तर मोजणारा उरत नाही.

मोजायच्या जागा पाच. पुढच्या बंपरची खालची कड, इंजिनाखालचे लोखंडी संरक्षक पत्र, गाडीच्या मधोमध जाणारा सायलेन्सरचा पाइप, दोन्ही चाकांच्या मधल्या भागात दाराखालची कड, आणि मागच्या आसाजवळची सर्वांत खालची वस्तू. हे सगळे दोनदा मोजायचे. एकदा गाडी रिकामी असताना, आणि एकदा नेहमीची माणसे बसवून, डिकीत नेहमीचे ओझे ठेवून. जाहिरातीतला आकडा बऱ्याचदा रिकाम्या गाडीचा असतो. रस्ता मात्र भरलेल्या गाडीची गाठ घेतो.

आणखी दोन मापे घ्या, कारण खरा चोर तीच पकडतात. पहिले माप जमिनीपासून चाकाच्या मध्यबिंदूपर्यंत. ते कमी भरले तर दोष टायरचा किंवा हवेचा. दुसरे माप चाकाच्या मध्यबिंदूपासून वरच्या पत्र्याच्या कमानीपर्यंत. ते कमी भरले तर दोष स्प्रिंगचा. डाव्या-उजव्या बाजूंत फरक आला तर त्या बाजूची स्प्रिंग थकली किंवा तुटली असे समजून तपासावे. शिक्षकबंधूंना सांगतो, सातवी-आठवीच्या मुलांकडून हे काम करून घ्या. फळ्यावरची मिलिमीटरची गणिते त्यांना एकदम जिवंत वाटतील.

गुरुजींच्या गाडीचे काय निघाले? पुस्तकात अंतर होते १६५ मिलिमीटर. रिकाम्या गाडीचे प्रत्यक्षात भरले १४२, आणि भरलेल्या गाडीचे ११२. हे २३ मिलिमीटर गेले कुठे? इंजिनाखालचे पत्र मागच्या ठोकरांनी वाकून, दोन बोल्ट गळून, १२ मिलिमीटर खाली लोंबत होते. टायर गुळगुळीत झाले होते. नव्या टायरची नक्षी सुमारे ८ मिलिमीटर खोल असते आणि कायद्याने ती १.६ मिलिमीटरच्या खाली जाऊ द्यायची नाही. म्हणजे तिथे ६ मिलिमीटर गेले. उरलेले ५ पुढच्या थकलेल्या स्प्रिंगांनी खाल्ले. मागची बाजू तर त्याहून बसली होती, कारण गॅसच्या टाकीच्या रूपाने एक न बोलणारा माणूस डिकीत कायमचा बसलेला होता.

गुरुजींनी पत्र ठोकून सरळ केले, बोल्ट बसवले, त्याच मापाचे नवे टायर घातले आणि त्या गाडीसाठी कंपनीने ठरवलेल्या नव्या स्प्रिंगा चारही चाकांना बसवल्या. रिकाम्या गाडीचे माप पुन्हा १६५ झाले. भरलेल्या गाडीचे ११२ चे १३५ झाले. म्हणजे जवळजवळ एक इंच मिळाला, आणि गाडी एक सूतही 'उचलली' नव्हती. जे तिचे होते तेच तिला परत मिळाले.

आता तुम्ही म्हणाल, आमचा रस्ता याहून वाईट आहे, आम्हाला आणखी उंची हवीच. ठीक आहे. मग त्याचे मार्ग आणि त्यांची किंमत, दोन्ही ऐका.

पहिला मार्ग टायरचा. टायरच्या अंगावर १७५/६५ आर १४ असे काहीतरी लिहिलेले असते. १७५ ही टायरची रुंदी मिलिमीटरमध्ये, ६५ म्हणजे रुंदीच्या शेकडा ६५ इतकी टायरच्या भिंतीची उंची, आणि १४ हा रिमचा व्यास इंचांत. याच रिमवर १७५/७० चा टायर घातला तर भिंत पावणेनऊ मिलिमीटरने वाढते आणि गाडी जवळजवळ तेवढीच उचलली जाते. चाकाचा व्यास ५८३ चा सुमारे ६०१ होतो, म्हणजे शेकडा ३ ने वाढतो. त्यामुळे काटा ६० दाखवील तेव्हा गाडी पूर्वीच्या मानाने सुमारे ६२ ने पळत असेल. शेकडा ३ ही मर्यादा ओलांडू नये. चाक पूर्ण वळवून आणि गाडी पूर्ण भरून ते आत कुठे घासत नाही ना, हे पाहावे. टायरवरचा भार आणि वेग यांचा दर्जा मूळ टायरपेक्षा कमी नसावा.

दुसरा मार्ग स्प्रिंगच्या वर किंवा खाली बसवायच्या चकतीचा. गाडीला साजेशी चकती जाणत्या कारागिराने बसवली, तर पंधरा-वीस मिलिमीटर मिळतात. त्याहून जास्तीचा लोभ धरू नये. कारण गाडी वर जाते, पण इंजिनाकडून चाकाकडे जाणारा दांडा जागच्या जागी राहतो. तो तिरपा होतो, त्याचे सांधे लवकर झिजतात आणि त्यांवरचे रबर फाटते. चाकांचा कल बदलतो, म्हणून अलाइनमेंट त्याच दिवशी करून घ्यावे, नाहीतर नवे टायर एका कडेने खाऊन जातात. ब्रेकच्या नळ्या ताणल्या जात नाहीत ना, हे चाक लोंबते ठेवून तपासावे. काही गाड्यांत मागच्या ब्रेकचा जोर वजनाप्रमाणे ठरवणारा व्हॉल्व्ह असतो. मागची बाजू उचलली की त्याला वाटते गाडी रिकामी आहे. तोही पुन्हा जुळवावा लागतो. दिव्यांचा झोतही नीट करून घ्यावा, नाहीतर समोरच्याचे डोळे दिपतात.

तिसरा मार्ग स्प्रिंगच्या वेटोळ्यांत रबराचा ठोकळा अडकवण्याचा. हा स्वस्त म्हणून फार लोकप्रिय आहे. पण ठोकळा अडकलेली वेटोळी काम करीत नाहीत आणि सगळा ताण उरलेल्यांवर येतो. गाडी टणक होते, हादरे वाढतात आणि जुनी, गंजलेली स्प्रिंग त्या ताणाने तुटूही शकते. बसलेल्या स्प्रिंगवरचा हा उपाय नव्हे. तिच्यावरचा उपाय म्हणजे नवी स्प्रिंग.

या सर्वांवर एक किंमत आणखी आहे. गाडीची उंची वाढली की तिचा भारमध्यही वर जातो. सरळ रस्त्यावर ते कळत नाही. मुरबाडहून सरळगाववरून माळशेज घाटात वळणे घेताना, किंवा समोर अचानक गुरू आडवे आल्यावर, ते कळते. उंची विकत मिळते मंडळी, तोल विकत मिळत नाही.

आणि कायदा? १९८८ च्या मोटार वाहन कायद्याचे कलम ५२ सांगते, की नोंदणीपुस्तकातला तपशील उत्पादकाने मूळ दिलेल्या तपशिलाहून वेगळा होईल असा बदल मालकाने करू नये. सर्वोच्च न्यायालयानेही २०१९ मध्ये हे स्पष्ट केले आहे. म्हणून मूळ मापाचे टायर आणि मूळ स्प्रिंग यांखेरीज काही करायचे असेल, तर आधी परिवहन कार्यालयात विचारा आणि विमा कंपनीला लेखी कळवा. अपघातानंतर विचारण्यात अर्थ नाही.

आता गाडी सोडून जरा रस्त्याकडे पाहू. इंडियन रोड्स काँग्रेस या संस्थेने गतिरोधकाचे माप ठरवून दिले आहे. उंची १० सेंटिमीटर, रुंदी ३.७ मीटर आणि माथ्याची गोलाई १७ मीटर त्रिज्येची. ताशी २५ किलोमीटर वेगाने तो ओलांडता यावा, हा हेतू. आता गुरुजींनी मुलांना घालावे असे गणित. पुढच्या-मागच्या चाकांत २.४५ मीटर अंतर असलेली गाडी या गोलाईवर मधोमध आली, तर माथा तिच्या पोटाकडे किती वर येईल? उत्तर आहे सुमारे ४४ मिलिमीटर. तेवढाच उंच पण फूटभर रुंदीचा गतिरोधक मात्र पुढची चाके उतरल्यावर पोटाखाली पुरा १०० मिलिमीटर शिरतो. उंची सारखीच, एक गाडीला जाऊ देतो, दुसरा तिचा चेंबर फोडतो. तेव्हा आपल्या गावातला गतिरोधकही एकदा दोरी लावून मोजा. तो मापाबाहेर असेल, तर ग्रामसभेत विषय मांडा आणि रस्ता ज्या खात्याचा असेल त्याला अर्ज द्या. शाळेपुढे गतिरोधक हवाच. पण तो मापाचा असावा, पांढऱ्या पट्ट्यांचा असावा आणि त्याच्या अलीकडे फलक असावा. त्याच रस्त्याने रुग्णवाहिकाही जाते.

शेवटी चालवणाऱ्यासाठी चार गोष्टी. ब्रेक गतिरोधकाच्या आधी दाबा आणि वर चढताना सोडा, कारण ब्रेक दाबला की गाडीचे नाक खाली जाते. चाकोरी खोल असेल तर एक चाक मधल्या उंचवट्यावर आणि दुसरे कडेला ठेवून सावकाश काढा. वाट फारच वाईट असेल तर बसलेल्यांना थोडे अंतर चालवत न्या. भरलेल्या आणि रिकाम्या गाडीतला तीस मिलिमीटरचा फरक फुकट मिळतो. आणि ओहोळाला पूर आला असेल तर उंच केलेली गाडीही पाण्यात घालू नका. फूटभर वाहते पाणीसुद्धा लहान गाडीची चाके जमिनीवरून सोडवू शकते.

गुरुजींची गाडी आता चालू आहे. दर वर्षी मिरगाच्या आधी सातवीची मुले पुठ्ठ्याची पट्टी घेऊन तिच्याभोवती जमणार, असे त्यांनी ठरवले आहे. आकडे वहीत उतरायचे आणि आधीच्या आकड्यांशी ताडून पाहायचे. आपल्या गावात रात्री-बेरात्री कोणाला हाक मारली जाते, ती गाडी कोणती, हे आपल्याला ठाऊक असतेच. या उन्हाळ्यात तिच्या मालकाला एवढेच विचारा: "दादा, खालून मोजली का?"