भिंतीवरची खडूची रेघ

(मुरुडच्या वसंत व्याख्यानमालेतलं तिसरं पुष्प. छापताना बोलण्याचा बाज तसाच ठेवला आहे.)



पत्रिकेत माझा विषय छापलाय, ‘जपानी व्हॉलीबॉलपटू रान ताकाहाशी : जीवन आणि कारकीर्द’. गाडीतून उतरल्यापासून तिघांनी विचारलं, हा कोण? चौथ्यानं विचारलं, सर, तुम्हाला मुरुडात दुसरा कोणी मिळाला नाही का? (हशा) मिळाला. त्याच्याकडे मी येणारच आहे. पण मानधन जपानी माणसाचं घेतलंय, तेव्हा सुरुवात त्याच्यापासून.

ही काठी बघा. टेलरमास्तरांची टेप लावून तिच्यावर दोन खुणा केल्यात. वरची २.४३ मीटरवर, पुरुषांच्या जाळीची. खालची २.२४ वर, बायकांच्या जाळीची. अध्यक्षांनी हात वर केला तर बोटं कुठवर पोचतील ते मी बघणार नाही, ते माझ्याहून वडील आहेत. (हशा) बाकी खेळाचे नियम मी सांगत नाही. पुळणीवर संध्याकाळी दोरी बांधून खेळणारी पोरं इथं मागे बसलीत. सर्व्हिस, पास, लिफ्टर, स्मॅशर हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळतं. १८९५ साली अमेरिकेत मॉर्गन नावाच्या गृहस्थानं हा खेळ काढला, पुढे तो जगभर गेला, एवढं पुरे.

मला हा रान भेटला नातीच्या मोबाइलवर. सुट्टीत ती ‘हायक्यू’ नावाची जपानी कार्टून मालिका बघत बसली होती. तिचा नायक हिनाता उंचीनं लहान, आणि जाळीवर उडी मारतो. म्हटलं, हे कार्टूनमध्येच होणार. नात म्हणाली, आजोबा, खरे पण आहेत. तिनं दुसरा व्हिडिओ लावला. पोरगा चेंडूसाठी जाहिरातींच्या फलकांपर्यंत पळत गेला, पाठमोरा असताना एका हातानं चेंडू उचलला आणि परत येऊन स्वतःच स्मॅश केला. मी तीन वेळा मागे घेऊन बघितलं. चहा निवला.

रानचा जन्म २ सप्टेंबर २००१ चा, क्योतोचा. त्याच्या नावाच्या अक्षराचा अर्थ नीळ. थोरला भाऊ रुई व्हॉलीबॉल खेळायचा, त्याच्या मागे लागून हा दुसरीत असताना मैदानावर गेला. थोरल्याच्या मागे धाकटा, हे आपल्याकडेही चालतंच. थोरला बॅटिंग करतो आणि धाकटा विहिरीत पडलेला चेंडू काढतो. (हशा) माध्यमिक शाळेत रान इतका बुटका होता की त्याला स्मॅशर कोण करणार? त्याला लिबेरो केला.

इथं जरा थांबतो, कारण मला जे सांगायचंय ते याच शब्दात आहे. लिबेरो म्हणजे तो वेगळ्या रंगाचा शर्ट घातलेला. १९९८ साली नियमात आला. तो ब्लॉक करत नाही, जाळीच्या वरच्या चेंडूला हात घालत नाही. मागच्या रांगेत उभा राहायचं आणि समोरून येईल ते उचलायचं. गुडघे वाकलेले, वजन चवड्यांवर, टाचा जमिनीपासून जराशा सुटलेल्या. हात जोडून पुढे, पण नमस्काराला नव्हेत. कोपरापासून मनगटापर्यंतची ती सपाट पट्टी, तिच्यावर चेंडू झेलायचा आणि लिफ्टरच्या डोक्यावर नेऊन ठेवायचा. फेकायचा नाही. ठेवायचा. रान हे शिकला, आणि पुढे उंची वाढली तेव्हा हे आधीच हातात होतं. आज तो १८८ सेंटिमीटर आहे. तुम्ही म्हणाल बराच उंच की. पण समोर इटलीचे, पोलंडचे दोन मीटरचे उभे असतात, त्यांच्यात तो मुंजा मुलगा वाटतो.

माझं म्हणणं एवढंच आहे, आणि गेली वीस वर्षं मी ते सांगतोय, घरचे कंटाळलेत. पोराच्या डोक्यावर पट्टी ठेवून त्याचं पुढचं ठरवणारा माणूस मोजतो बरोबर आणि चुकतो हमखास.

आता तुमच्या गावचा. (टाळ्या) थांबा, अजून नाव घेतलं नाही. साधारण १८७५ साल. या मुरुडातून एक पोरगा सोबत्यांबरोबर साताऱ्याला निघाला. परीक्षेसाठी. चालत. ११० मैल, सह्याद्रीचा घाट चढून, चार दिवस. पोचला. परीक्षेला बसायला सतरा वर्षं पुरी लागत होती. समितीच्या प्रमुखानं पोराकडे बघितलं. चण लहान, चेहरा कोवळा. म्हणाला, हा सतराचा दिसत नाही. संपलं. चार दिवस चालून आलेलं पोरगं तसंच मागे फिरलं.

(सभागृहातून : हे सगळ्यांना ठाऊक आहे!)

ठाऊक आहे ना? मग शाळेच्या संघाची निवड करताना कुठे जातं ते? ते पोरगं म्हणजे अण्णासाहेब कर्वे, १०४ वर्षं जगले, शंभराव्या वर्षी, १९५८ साली, त्यांना भारतरत्न मिळालं, त्यांचा पुतळा इथं आहे, त्याला आपण हार घालतो. साताऱ्याच्या त्या साहेबाचं नावसुद्धा कोणाला आठवत नाही, आणि तरी आपण सगळे त्याचेच वारस. (शांतता) रागावू नका, मीही त्यातलाच आहे. तेही येतंय.

जपानचं नाव ऐकून ज्यांनी भुवया उंचावल्या त्यांच्यासाठी. मुरुडचा आणि जपानचा संबंध मी ओढूनताणून आणलेला नाही. तोक्योच्या महिला विद्यापीठाची माहितीपुस्तिका अण्णांच्या हाती पडली, आणि त्या नमुन्यावर १९१६ साली आपलं महिला विद्यापीठ उभं राहिलं. पुढे सत्तरी ओलांडल्यावर जगप्रवासाला गेले तेव्हा ते विद्यापीठ डोळ्यांनी बघून आले. तेव्हा तोक्योहून काय आणायचं हे मुरुडला शंभर वर्षांपूर्वी समजलं होतं. मी फक्त व्हॉलीबॉल आणतोय.

तोक्योवरून आठवलं. १९६४ चं ऑलिंपिक. बायकांचा व्हॉलीबॉल पहिल्यांदाच ऑलिंपिकमध्ये आला होता. जपानच्या संघातल्या बहुतेक मुली एका कापडगिरणीच्या. ओसाकाजवळ काइझुका म्हणून गाव, तिथं निचिबोची गिरणी. या जिल्ह्यातल्या घराघरातून माणसं परळ-लालबागला गिरणीत गेली, त्यामुळे गिरणी म्हणजे काय ते मी सांगायला नको. दिवसा काम आणि दुपारनंतर पार मध्यरात्रीपर्यंत सराव. प्रशिक्षक दाइमात्सु. माणूस कडक, मला विचाराल तर क्रूर. तसा सराव मी कोणाच्या मुलीला देणार नाही. पण त्यानं एक गोष्ट शोधली. डोलणारी बाहुली असते ना, कशीही पाडा, परत उभी राहते? ती बघून त्यानं मुलींना शिकवलं की चेंडूसाठी सूर मारा, उचला, खांद्यावरून लोळण घ्या आणि लोळता लोळताच उभ्या राहा. अंतिम सामन्यात समोर सोव्हिएत संघाच्या उंच, दणकट बायका. तीन-शून्य. चेंडू जमिनीला लागतच नाही म्हटल्यावर मारणारीनं मारून मारून मारायचं किती?

(सभागृहातून : सर, सिद्धार्थ देसाई? कबड्डीतला? तो तर बाहुबली!)

आलं. प्रत्येक गावात येतं. (हशा) मान्य. चंदगड तालुक्यातल्या हुंदळेवाडीचा सिद्धार्थ, आडवातिडवा गडी, २०१९ च्या लिलावात तेलुगू टायटन्सनं १ कोटी ४५ लाखांना घेतला. मी कुठे म्हटलं की उंच धिप्पाड माणसाला खेळता येत नाही? मी म्हणतोय पट्टी लावून बाकीच्यांना हाकलू नका. आणि सिद्धार्थच्या घरीही बघा, थोरला भाऊ सूरज कबड्डीतलाच, एका मोसमात दोघं एकाच संघात. जपानमध्येही तेच, रुई आणि रान पुढे सनटोरी सनबर्ड्समध्ये एकत्र आले. तेव्हा तुमचं उदाहरण माझ्याच बाजूनं पडतं. (हशा. सभागृहातून : कसं काय?) कसं ते चहाच्या वेळी सांगतो.

आता माझं. हे मी बोलणार नव्हतो, टिपणातही नाही. एका शाळेत मी क्रीडाशिक्षक होतो, शाळेचं नाव राहू दे, साल राहू दे. जिल्ह्यासाठी सोळा वर्षांखालचा संघ निवडायचा होता. मी काय केलं? भिंतीवर खडूनं रेघ मारली. १६५ सेंटिमीटर. ज्याचं डोकं रेघेला लागेल तो आत, बाकीच्यांनी टाळ्या वाजवायच्या. सोपं काम, अर्ध्या तासात आटपलं. रांगेत शेवटी बंदरावरचा एक पोरगा. पायात चप्पल नाही, शर्टाला मासळीचा वास, चालत आलेला. भिंतीला पाठ लावून उभा राहिला आणि हळूच चवड्यांवर चढला. तरी रेघ चार बोटं वर. मी त्याचे दोन्ही खांदे दाबले आणि म्हटलं, टाचा टेकव. सगळी मुलं हसली. मीही हसलो असेन.

तो घरी गेला नाही. दिवसभर मैदानाबाहेर सुरूच्या झाडांपाशी उभा राहिला आणि बाहेर येणारे चेंडू आणून देत होता. मी बघत होतो. चेंडू कुठे पडणार ते त्याला आधी कळायचं. चेंडू हवेत असतानाच हा तिथं पोचलेला असायचा, वाकून, हात पुढे करून. एकदाही टप्पा पडू दिला नाही. मला ते दिसत होतं. आणि माझ्या मनात काय चाललं होतं? की रेघ दोन सेंटिमीटर वर मारायला हवी होती.

आमचे सहा ताडमाड गडी पहिल्याच सामन्यात हरले. कसे? समोरच्यांनी साधी, हळू सर्व्हिस दोघांच्या मधे टाकली. हा म्हणतो तुझा, तो म्हणतो तुझा, आणि चेंडू मधे धप्प. पुन्हा तीच सर्व्हिस, पुन्हा तुझा-तुझा. पंधरा मिनिटांत एक सेट. बाकावर बसून मी ओरडत होतो, वाका, अरे वाका! वाकायला शिकवलं कोणी होतं? मी तर उंची मोजत होतो.

ही चिठ्ठी आली. ‘दहा मिनिटे’. (घड्याळ बघून) अध्यक्ष महोदय, रानला अजून मी शाळेतच ठेवलाय! (हशा) बरं, पळवतो.

हिगाशियामा हायस्कूल, क्योतो. जानेवारी २०२० मध्ये शाळांची राष्ट्रीय स्पर्धा, रान कर्णधार, संघानं एकही सेट न गमावता जिंकली. २०२१ ला तोक्यो ऑलिंपिक, वय १९, संघात सगळ्यांत लहान. जपानचे पुरुष २९ वर्षांनी उपांत्यपूर्व फेरीत गेले, तिथं ब्राझीलनं हरवलं. त्याच वर्षी शेवटी, विद्यापीठात शिकत असतानाच, इटलीत पादोव्हा क्लबकडे. मग मोंझा. २०२४ ला मोंझा इटलीच्या अंतिम फेरीत पेरुजियाकडून हरला. इटलीची लीग म्हणजे या खेळाची पंढरी, आणि तिथं आपला वारकरी आधी गेला होता बरं का, केरळचा जिमी जॉर्ज. तोही भावांच्या घरातला, आठही भाऊ व्हॉलीबॉल खेळणारे. १९८७ मध्ये इटलीतच मोटार अपघातात गेला, बत्तिसाव्या वर्षी. त्याच्यावर वेगळं व्याख्यान होईल, बोलावलंत तर. २०२३ ला नेशन्स लीगमध्ये जपानला कांस्य, पुढच्या वर्षी रौप्य. मग रान मायदेशी सनटोरीत, आणि जपानच्या नव्या लीगचं पहिलंच विजेतेपद त्यांनी घेतलं.

राहिलं पॅरिस. ऑगस्ट २०२४, उपांत्यपूर्व फेरी, समोर इटली. पहिले दोन सेट जपानचे. तिसऱ्यात २४-२१. एक गुण, फक्त एक गुण हवा, आणि तीन संधी. मी आणि नात, दोघं खुर्चीच्या कडेला. २४-२२. २४-२३. नातीनं माझा हात धरला. २४ बरोबरी. इटलीनं सेट घेतला २७-२५. चौथा २६-२४. पाचवा १७-१५. संपलं. नात रडली. मी तिला काय सांगणार होतो? की उचलणारे जिंकतात? उचलणारेही हरतात. मागच्या ओळीतून कोणीतरी आता हेच म्हणणार होतं, म्हणून मीच म्हटलं.

हो, हो, आटपतो. एक मिनिट, टेलरमास्तरांची टेप परत करायचीय आणि एक गोष्ट राहिलीय.

गेल्या महिन्यात हर्णैला मासळीच्या लिलावाच्या वेळी गेलो होतो. होड्यांतून माल बैलगाडीत, गाडी पाण्यातून वाळूपर्यंत, आणि गाडीवरचा माणूस बर्फाचे, मासळीचे जड टब खाली सोडत होता. खाली एक गृहस्थ उभा. चाळिशीचा, ठेंगणा. टब सुटला की हा आधीच खाली गेलेला, गुडघ्यात वाकून, हात पुढे, टब मांडीशी घेऊन अलगद वाळूवर ठेवायचा. पाण्याचा थेंब सांडत नव्हता. मी बघतच राहिलो. त्यानं मान वळवून बघितलं आणि मला ओळखलं. मी ओळखलं नव्हतं. पुढचा टब येतच होता, त्याच्याकडे नजर ठेवून तो म्हणाला,

“सर, आता टाचा उचलल्या तर चालतील ना?”