पायाखालची ऊब

पोलंडमध्ये पारा शून्याखाली उतरला की तळमजल्याच्या फरशीतून गारवा थेट हाडांत चढतो. म्हणून स्वतंत्र घर बांधतानाच जमिनीत फोमच्या पाट्या घालतात. धुम्मसाने ठोकलेली खडी, तिच्यावर काँक्रीट, ओल अडवणारा प्लास्टिकचा कागद, मग पाट्या आणि शेवटी कोबा. पाटी एक्सट्रूडेड पॉलिस्टायरीनची घ्यावी. तिच्या बारीक बंद कप्प्यांत पाणी जवळजवळ शिरतच नाही. 10 सेंटिमीटरच्या एका थरापेक्षा 5-5 सेंटिमीटरचे दोन थर मला जास्त पटतात. वीटकामात सांधा मोडतात ना, तसाच इथेही मोडायचा. आणि कोब्याच्या कडेने, भिंतीलगत, फोमची पट्टी उभी लावायला अजिबात विसरू नये. ती नसेल तर कोबा भिंतीला टेकतो आणि खोलीतली ऊब तिथूनच निसटते.