मनोविश्लेषण आणि मराठी वाचक



फ्रॉइडचे मराठी साहित्यावर ऋण आहे. मर्ढेकरांच्या ‘रात्रीचा दिवस’ (१९४२) या कादंबरीने आणि पुढे गाडगीळांच्या नवकथेने माणसाच्या अबोध मनात डोकावण्याचे धाडस केले, त्यामागे मनोविश्लेषणाची प्रेरणा होती.

परंतु ही किल्ली प्रत्येक कुलुपास लागत नाही. १९२२ साली कलकत्त्यात भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन करणाऱ्या गिरींद्रशेखर बोस यांनीच १९२९ मध्ये फ्रॉइडला कळविले होते की, भारतीय रुग्णांचे मन युरोपीय रुग्णांहून काही बाबतींत निराळे दिसते. कार्ल पॉपरचा आक्षेप तर मुळावरच होता: कोणतेही वर्तन ज्या सिद्धांतात बसविता येते, तो खोटा ठरणार तरी कसा?

येथे एक कबुली देतो. एका विद्यार्थिनीने आईच्या मृत्यूवर कथा लिहून आणली. मी तीत दडपलेल्या वासना शोधून दाखविल्या. ती एवढेच म्हणाली, ‘‘सर, मला फक्त आईची आठवण येत होती.’’ पुन्हा तिने मला काही दाखविले नाही.

गौलीगुड्यातील वाचकांना म्हणूनच विनंती आहे, की कथा आधी मन लावून ऐकावी. निदान मागाहून करावे.